हलक्या मालाचा मुलूख

पिसुएर्गा नदी वायादोलिद शहरातून वाहते, ही गोष्ट स्पेनमधल्या शाळकरी पोरालाही ठाऊक असते, आणि ती काही भूगोलाच्या पुस्तकामुळे नाही. बोलता बोलता एखाद्याला भलताच विषय पुढे सरकवायचा असला, की तो म्हणतो, ‘आता पिसुएर्गा वायादोलिदवरून वाहतेच आहे, तर त्या निमित्ताने...’ आणि आपले घोडे पुढे दामटतो. कशाचाही कशाशी संबंध नाही, हे सांगायला स्पॅनिश लोकांनी नेमकी हीच नदी निवडावी, याची गंमत वाटते. कारण उत्तर स्पेनच्या पठारावरच्या या प्रांताचा इतिहास पाहू लागलो, तर नद्यांचा संबंध जवळजवळ प्रत्येक पानावर लागतो. फक्त तो त्यांनी काय केले यापेक्षा त्यांना काय करता आले नाही, यातून लागतो. या नद्यांनी कधी माल वाहिला नाही. म्हणून वायादोलिद प्रांतातून चारशे वर्षे जगाकडे जे गेले, ते बहुतेक बिनवजनाचे होते: तह, लग्नाचे करार, हुंड्या, निवाडे, वादविवाद, सरकारी दफ्तरे. गहू मात्र कोठारातच राहिला.

हा प्रांत माद्रिदच्या वायव्येला आहे. क्षेत्रफळ ८,१०० चौरस किलोमीटरांच्या आसपास, लोकसंख्या सव्वापाच लाखांच्या आतबाहेर, आणि त्यातले जवळजवळ तीन लाख लोक एकट्या वायादोलिद शहरात. बाकीचे सव्वादोनशे पालिकांमध्ये विखुरलेले. कित्येक गावांत आता शंभर डोकीही भरत नाहीत. शेजारच्या प्रांतांना कुठे ना कुठे डोंगराची कड आहे, इथे ती नाही. प्रांताच्या मधोमध दुएरो नदी पूर्वेकडून पश्चिमेकडे जाते. उत्तरेकडून कांताब्रियाच्या डोंगरांचे पाणी घेऊन पिसुएर्गा येते, वायादोलिद शहर ओलांडते आणि सिमांकास गावाच्या खाली दुएरोला मिळते. नाव दुएरोचे, पाणी पिसुएर्गाचे, अशा अर्थाची एक म्हण तिकडे आहे. संगमापाशी ती फारशी खोटी वाटत नाही. शहरातच पिसुएर्गाला मिळणारी एस्गेवा ही खरे तर ओढ्याहून थोडी मोठी. दक्षिणेकडून दुरातोन, सेगा, अदाखा, सापार्दिएल या नद्या येतात आणि उन्हाळ्यात त्यांतल्या काहींचे पात्र नुसते रेतीचे दिसते. वर्षाला पाऊस सव्वाचारशे-साडेचारशे मिलिमीटर. एवढ्या पावसावर गहू आणि जव पिकतात, मेंढरे चरतात, द्राक्षे तगतात. तिएर्रा दे काम्पोस हा वायव्येकडचा पट्टा तर शतकानुशतके स्पेनचे धान्याचे कोठार म्हणून ओळखला गेला.

मग हे धान्य नदीतून समुद्राकडे का गेले नाही? दुएरो काही लहान नदी नव्हे. लांबी सुमारे नऊशे किलोमीटर, आणि खोऱ्याच्या क्षेत्रफळात आयबेरियन द्वीपकल्पात पहिली. उत्तर भूगर्भात आहे. आज जिथे वायादोलिदची शेते आहेत, तिथे लाखो वर्षे समुद्राकडे वाट नसलेले एक बंदिस्त खोरे होते. चहूकडच्या डोंगरांवरून आलेली माती आणि चुना त्यातल्या तळ्यांमध्ये थरावर थर साचत गेले. वरचा चुनखडीचा थर म्हणजे आजची साडेआठशे मीटर उंचीवरची सपाट माथ्याची पठारे; ती झिजून खाली सातशे मीटरांवर मैदान तयार झाले. पुढे पश्चिमेकडून अटलांटिकला मिळणाऱ्या एका प्रवाहाने ग्रॅनाइट कोरत कोरत या खोऱ्याची कड फोडली आणि साचलेले पाणी समुद्राकडे निघाले. नदीच्या वयाने पाहिले तर ही घटना तशी अलीकडची, त्यामुळे उतार अजून समतोल झालेला नाही. पठारावर संथ, गढूळ, वळणे घेत जाणारी दुएरो पोर्तुगालच्या सीमेवर आर्रिबेस नावाच्या घळीत शिरते आणि शंभर-सव्वाशे किलोमीटरांत सुमारे चारशे मीटर खाली कोसळते. तिच्यातून होडी नेणे कोणाच्याही आवाक्यातले नव्हते. घळीच्या खाली, पोर्तुगालमध्ये, हीच नदी दोउरो या नावाने द्राक्षमळ्यांतली पिंपे सपाट तळाच्या नावांतून पोर्तोच्या बंदरात पोचवत होती. तिथेही अठराव्या शतकाच्या अखेरीस वालेइराचा खडक सुरुंगाने फोडावा लागला, पण तो एक खडक होता. वरच्या बाजूला अख्खी घळच आडवी.

स्पेनमध्ये याला अपवाद ग्वादालकिविरचा. समुद्रातली जहाजे तिच्यातून थेट सेव्हियापर्यंत येत, म्हणून १५०३ मध्ये अमेरिकेच्या व्यापाराची कचेरी सेव्हियाला उघडली गेली आणि पुढली दोन शतके नव्या जगाची चांदी तिथल्या धक्क्यावर उतरली. कास्तियाच्या राज्याचे राजकीय केंद्र त्या काळात वायादोलिदच्या आसपास फिरत होते, पण चांदीची एक पेटीसुद्धा इथे जलमार्गाने येणे शक्य नव्हते. कोलंबस १५०६ मध्ये वारला तो वायादोलिद शहरात, राजाकडे आपल्या हक्कांचा तगादा लावत असताना. समुद्रात आयुष्य काढलेल्या माणसाला शेवटी समुद्रापासून दोनशे किलोमीटर आत यावे लागले, कारण सही-शिक्का इथे होता.

पठारावर वाट पायी किंवा जनावराच्या पाठीवर. खेचरावर शे-सव्वाशे किलो भार चढवता येतो आणि वाटेत त्याला खायलाही घालावे लागते. गव्हासारखा जड आणि स्वस्त माल काही दिवसांच्या मजलेनंतर वाहतुकीतच आपली किंमत गमावून बसतो. उत्तरेच्या किनाऱ्यावर दुष्काळ असला तरी तिथे तिएर्रा दे काम्पोसच्या गव्हापेक्षा गलबतातून आलेला परदेशी गहू स्वस्त पडे. अशा मुलखात कोणता माल बाहेर जाईल, हे मालाची किंमत त्याच्या वजनाच्या किती पट आहे, यावर ठरते. पहिला पात्र माल होता लोकर. मेरिनो मेंढ्या उन्हाळ्यात उत्तरेच्या डोंगरांत आणि हिवाळ्यात दक्षिणेच्या कुरणांत जात. त्यांचे मार्ग कायद्याने राखलेले होते आणि मेंढपाळांच्या ‘मेस्ता’ या संघाला १२७३ मध्ये दहाव्या आल्फोन्सो राजाने मान्यता दिली होती. लोकर अर्ध्याहून अधिक प्रवास मेंढीच्या अंगावर, स्वतःच्या पायांनी करी. कातरल्यावर गाठी बांधून ती बुर्गोसमार्गे उत्तरेच्या बंदरांना आणि तिथून फ्लँडर्सला जाई.

या लोकरीचे सौदे जिथे होत, ते मेदिना देल काम्पो हे गाव वायादोलिदच्या नैर्ऋत्येला पन्नासेक किलोमीटरांवर, सापार्दिएल नदीच्या काठी आहे. ‘काठी’ म्हणायचे इतकेच. ही नदी वर्षातला बराच काळ कोरडी असते. युरोपातली व्यापारी शहरे आठवून पाहा: अँटवर्पला शेल्ड, लिओंला रोन आणि सोन, व्हेनिसला तर समुद्रच. मेदिनाला नावापुरता ओढा. तरीही पंधराव्या शतकापासून मे आणि ऑक्टोबर महिन्यांत भरणाऱ्या इथल्या जत्रांना युरोपभरचे व्यापारी येत. सुरुवातीला कापड, लोकर, मसाले, पुस्तके यांची खरेदी-विक्री होई. हळूहळू माल मागे पडला आणि कागद पुढे आला. अँटवर्पला पैसे द्यायचे असलेला व्यापारी मेदिनात दुकाते मोजून देई आणि त्याबदल्यात एक हुंडी घेई. ती हुंडी टपालाने जाई आणि तिकडल्या जत्रेत तिकडल्या नाण्यांत वटे. चर्चला व्याज मान्य नव्हते, म्हणून ते दोन नाण्यांच्या विनिमयदरात लपवले जाई. जत्रेच्या शेवटी सगळ्यांची देणी-घेणी एकमेकांत वळती करून उरलेला थोडासाच फरक रोख चुकता होई. सिमोन रुइस या मेदिनातल्या सावकाराचा पत्रव्यवहार अजून टिकून आहे. पन्नास हजारांहून अधिक पत्रे, लिस्बन, लिओं, अँटवर्प, फ्लोरेन्स, सेव्हियाकडून आलेली. सोळाव्या शतकातल्या युरोपच्या पैशाचा प्रवाह समजून घ्यायचा, तर इतिहासकारांना आजही या पठारावरच्या गठ्ठ्यांकडे वळावे लागते.

हुंडी नदीवाचून चालते, पण राजावाचून चालत नाही. १५२० मध्ये कास्तियातल्या शहरांनी तरुण कार्लोस राजाच्या फ्लेमिश सल्लागारांविरुद्ध आणि नव्या करांविरुद्ध बंड केले. सेगोव्हियाला वेढा घालण्यासाठी राजाच्या सैन्याने मेदिनाकडे तोफा मागितल्या. मेदिनाच्या लोकांनी नकार दिला, तेव्हा २१ ऑगस्टला गावाला आग लावली गेली आणि व्यापाऱ्यांची वखारीतली मालमत्ता जळाली. बंडाचा शेवटही याच प्रांतात झाला: २३ एप्रिल १५२१ रोजी वियालारच्या चिखलात शहरांचे सैन्य मोडले आणि त्याचे तिघे म्होरके दुसऱ्या दिवशी शिरच्छेदाला सामोरे गेले. मेदिना आगीतून सावरले, पण शतकाच्या उत्तरार्धात राजदरबाराने एकापाठोपाठ एक दिवाळखोऱ्या जाहीर केल्या, तेव्हा जत्रा उठत गेल्या. बंदराचे शहर सावकार बुडाल्यावरही बंदर राहते. मेदिनाकडे पत सोडून दुसरे काही नव्हते.

राजकारणातही तेच. १४६९ मध्ये कास्तियाची वारसदार इसाबेला आणि आरागोनचा राजपुत्र फेर्नांदो यांचे लग्न वायादोलिदमध्ये झाले आणि पुढच्या स्पेनचा पाया पडला. हे लग्न कास्तियाच्या राजाला नको होते. म्हणून नवरदेव व्यापाऱ्यांच्या तांड्यात खेचरवाल्याच्या वेषात सरहद्द ओलांडून आला आणि नात्यातल्या लग्नाला लागणारी पोपची परवानगी म्हणून जो कागद दाखवला गेला, तो बनावट होता. लग्न ज्या वाड्यात लागले, तिथेच नंतर ताहो नदीच्या उत्तरेकडल्या सगळ्या मुलखाचे सर्वोच्च अपील न्यायालय बसले. १५५० आणि ५१ मध्ये याच शहरातल्या सान ग्रेगोरिओ विद्यालयात बार्तोलोमे दे लास कासास आणि हुआन हिनेस दे सेपुल्वेदा यांच्यात अमेरिकेतल्या लोकांवर आधी तलवार चालवून मग धर्म शिकवणे न्याय्य आहे का, यावर वाद झाला. निकाल कोणाच्या बाजूने लागला नाही, पण विजेत्या साम्राज्याने आपल्याच विजयाची वैधता पंडितांपुढे ठेवल्याची उदाहरणे त्या काळात विरळा. मी हा वाद या प्रांताच्या ‘निर्याती’त धरतो. आणि धरायचाच, तर १५५९ सालही धरायला हवे: ल्यूथरच्या विचारांचा एक छोटा गट इथे जमला होता, त्यातल्या अनेकांना धर्मन्यायालयाने शहराच्या चौकात शिक्षा सुनावून जाळायला पाठवले. विचार हलके असतात, म्हणून ते आत येतानाही अडत नाहीत. अडवायला माणसे जाळावी लागतात.

मराठी वाचकाला या प्रांताचे एक गाव जवळचे वाटायला हवे, ते तोर्देसियास. दुएरोच्या उजव्या काठावर, जुन्या पुलापाशी वसलेले. ७ जून १४९४ रोजी इथे कास्तिया आणि पोर्तुगाल यांनी समुद्र वाटून घेतला. आधी पोपने अझोर आणि केप व्हर्दे बेटांच्या पश्चिमेला १०० लीगांवर रेघ ओढून दिली होती. पोर्तुगालने ती ३७० लीगांपर्यंत सरकवून घेतली. रेघेच्या पश्चिमेचे कास्तियाचे, पूर्वेचे पोर्तुगालचे. आफ्रिकेला वळसा घालून हिंदुस्थानकडे येणारी वाट अशा रीतीने पोर्तुगालच्या पदरात पडली. चार वर्षांनी वास्को द गामा कालिकतला उतरला, आणि १५१० मध्ये आल्बुकर्कने गोवा घेतले. कोकणच्या किनाऱ्यावर कास्तियन न येता पोर्तुगीज आले, याची कायदेशीर मुळे या नदीकाठच्या गावात आहेत. बैठकीला आलेल्या कोणाला आपण वाटतोय त्या समुद्राचा पुरता नकाशा ठाऊक नव्हता. पृथ्वीच्या दुसऱ्या बाजूला रेघ कुठून जाते, हे तर १५२९ पर्यंत अनिर्णितच राहिले. पुढचा योगायोग आणखी मजेशीर. १५८० नंतर पोर्तुगालचे सिंहासन स्पेनच्या राजाकडे आले. तो दुसरा फेलिपे, वायादोलिदमध्ये जन्मलेला. त्याच्या मुलाने १६०१ ते १६०६ या काळात दरबार वायादोलिदला हलवला, म्हणजे त्या पाच वर्षांत गोव्याचा राजा पिसुएर्गाच्या काठी राहत होता.

आणि या सगळ्या कागदांचे शेवटचे ठिकाण म्हणजे सिमांकास. पिसुएर्गावरच्या पुलावर नजर ठेवणारा किल्ला, शहरापासून दहा-अकरा किलोमीटरांवर. याच परिसरात ९३९ मध्ये लेओनचा राजा दुसरा रामिरो याने कोर्दोबाचा खलिफा तिसरा अब्दुर्रहमान याचा पराभव केला. तेव्हा दुएरो ही दोन धर्मांच्या राज्यांमधली सरहद्द होती आणि तिच्यावरचे पूल ताब्यात असणे म्हणजे सगळे काही. सरहद्द दक्षिणेला सरकली, किल्ल्याचे काम संपले. १५४० मध्ये पाचव्या कार्लोसने राज्याची महत्त्वाची कागदपत्रे तिथे ठेवायला सुरुवात केली. त्याच्या मुलाने वास्तुकार हुआन दे एर्रेरा याच्याकडून इमारत वाढवून घेतली आणि १५८८ मध्ये दफ्तरखान्याचे नियम करून दिले. चांदी सेव्हियात उतरे, तिचे हिशेब सिमांकासला येत. नेपोलियनच्या सैन्याने यातला मोठा भाग गाड्यांत घालून पॅरिसला नेला. बराचसा १८१६ मध्ये परत आला, पण उरलेल्या कागदांसाठी १९४१ उजाडावे लागले.

इथे पहिला आक्षेप येतो, आणि तो वजनदार आहे. माद्रिदकडे तरी कुठे नदी होती? मान्सानारेस ही तर विनोदाचा विषय. तरीही १५६१ मध्ये दरबार तिथे गेला आणि माद्रिद राजधानी म्हणून टिकले, वाढले. मग वायादोलिद मागे पडले, त्याचा दोष नद्यांवर का? पण माझा दावा नदी नसेल तर राजधानी होत नाही असा नाहीच. राजधानी राजाच्या इच्छेने होते. माद्रिदला पोसण्यासाठी शेकडो किलोमीटरांच्या परिघातून गाड्या आणि खेचरे रोज धान्य, कोळसा, लाकूड आणत आणि हा खर्च राज्याच्या तिजोरीवर पडे. वायादोलिदने हा अनुभव १६०१ नंतर पाच वर्षे घेतला. लेर्माचा ड्यूक हा राजाचा लाडका सरदार. त्याने आधीच वायादोलिदमध्ये मालमत्ता घेऊन ठेवली आणि नंतर ती राजाला विकली, तेव्हा हलवाहलवीमागे निव्वळ राज्यहित होते असे म्हणवत नाही. दरबार आला तशी माणसे आली, भाव चढले, एस्गेवाचे दोन्ही फाटे शहराची गटारे झाले. कादंबरीकार सेर्व्हांतेसचे भाड्याचे घर याच एस्गेवाच्या काठी होते. नदीचा एक वेगळाच उपयोग मात्र त्या वेळी दिसला: २ ऑगस्ट १६०२ रोजी हेरोनिमो दे आयान्स या संशोधकाने राजासमोर पिसुएर्गात एका माणसाला हवेच्या नळीच्या साहाय्याने तासाहून अधिक वेळ पाण्याखाली ठेवून दाखवले. १६०६ मध्ये दरबार उठला आणि शहर ओस पडू लागले. जो माल वजनदार असतो तो ओढून नेणे अवघड. दरबार मात्र एका हुकमाने उठून जातो. माद्रिदचे उदाहरण माझा मुद्दा खोडत नाही, फक्त त्याची हद्द दाखवते.

या युक्तिवादाची खरी कसोटी लागते ती कालव्यापाशी, कारण तिथे माणसांनी नदीचा दोष दुरुस्त करायचा प्रयत्न केला. सहाव्या फेर्नांदोचा मंत्री एन्सेनादाचा मार्क्विस याची कल्पना अशी, की घळ टाळायची आणि पठारावरचा गहू उत्तरेला, सान्तान्देरच्या बंदराकडे कालव्याने न्यायचा. आंतोनिओ दे उयोआ आणि कार्लोस लेमोर यांनी आराखडे केले आणि जुलै १७५३ मध्ये शेजारच्या पालेन्सिया प्रांतात खोदाई सुरू झाली. पुढे पैसे संपले, फ्रान्सशी युद्ध झाले, कैद्यांना कामाला जुंपले गेले, काम थांबले, पुन्हा सुरू झाले, १८३१ मध्ये खासगी कंपनीकडे गेले. कालवा वायादोलिदला पोचला १८३५ मध्ये आणि मेदिना दे रिओसेको या वेगळ्या गावाला १८४९ मध्ये, म्हणजे खोदाई सुरू झाल्यापासून जवळजवळ शंभर वर्षांनी. उलट्या ‘वाय’ अक्षराच्या आकाराचे २०७ किलोमीटर पात्र, चढउतारासाठी ४९ पाणदारे, काठाने दोर ओढत चालणारी खेचरे, आणि पाणदारांच्या उडीवर फिरणाऱ्या पिठाच्या गिरण्या. एक गोष्ट मात्र राहून गेली: कालवा आलार देल रेय गावापाशी थांबला. पुढे कांताब्रियाचे डोंगर. तिथून माल गाडीत भरून घाटाने बंदराकडे न्यावा लागे. एवढे करूनही फरक पडला. सान्तान्देरहून कास्तियाचे पीठ क्यूबाला जाऊ लागले, गिरणीमालक गब्बर झाले, आणि क्रिमियाच्या युद्धात रशियाचा गहू बाजारातून उठला तेव्हा कास्तियाचे शेतकरी पाऊस, ऊन आणि सेवास्तोपोलची लढाई, एवढेच देवाकडे मागतात, अशी थट्टा रूढ झाली.

याची दुसरी बाजू जून १८५६ मध्ये दिसली. गहू बाहेर जाऊ लागला तसा गावातला पाव महागला. वायादोलिद, पालेन्सिया, रिओसेको या गावांत लोक रस्त्यावर आले. त्यांनी पिठाच्या गिरण्या जाळल्या आणि कालव्यातल्या नावांनाही आग लावली. सरकारने बंड मोडले, काहींना गोळ्या घातल्या. या दंगलीत मला माझ्या मुद्द्याचा सर्वांत चांगला पुरावा दिसतो. शतकानुशतके या पठारावर दुष्काळ पडत होते, पण मालाला वाट नसल्यामुळे सुकाळात धान्य साचून स्वस्त होई. वाट मिळताच गव्हाचा भाव परमुलखातल्या लढाईवर ठरू लागला. ज्यांना वाटते की वाहतुकीचा मार्ग हे निर्भेळ वरदान आहे आणि तो नसणे हा निर्भेळ शाप, त्यांनी हे साल लक्षात ठेवावे. कालव्याची भरभराट मात्र औट घटकेची ठरली. १८६० च्या दशकात रेल्वे आली, डोंगर ओलांडून १८६६ मध्ये सान्तान्देरला पोचली आणि नावांचा धंदा आटत गेला. १९५९ मध्ये कालव्यातली मालवाहतूक अधिकृतपणे बंद झाली.

दुसरा आक्षेप असा, की हे सगळे भूगोलाला डोक्यावर बसवणे आहे. नदी नसलेले, समुद्रापासून दूर असलेले शेकडो प्रदेश जगात आहेत. तिथे ना तह झाले ना हुंड्या वटल्या. हे खरेच आहे. नद्यांनी तोर्देसियासचा तह घडवला नाही, तो राजाराजांच्या हेव्यातून घडला. भूगोल इथे फक्त गाळणीचे काम करतो. माणसे पुष्कळ गोष्टी करू पाहतात. त्यांतल्या कोणत्या तगतात, हे गाळणी ठरवते. मेदिनात लोकरीची जत्रा आणि हुंड्यांची जत्रा, दोन्ही सुरू झाल्या. टिकाव धरून मोठी झाली ती दुसरी. वाइनचे उदाहरणही असेच. दुएरोकाठची वाइन जड, म्हणून एकोणिसाव्या शतकापर्यंत तिची बाजारपेठ मर्यादित होती. तिथली वाइन जगभर पोचली ती रेल्वेनंतर, आणि मुख्यतः बाटलीची किंमत वजनाच्या मानाने खूप चढल्यावर: १८६४ मध्ये स्थापन झालेल्या बेगा सिसिलियाच्या द्राक्षमळ्यांना आणि १९८२ मध्ये मानांकन मिळालेल्या रिबेरा देल दुएरोला तीच वाट चालावी लागली.

रेल्वेनंतर हा नियम संपला, हे मान्य केले पाहिजे. १९५१ मध्ये वायादोलिदला रेनॉच्या मोटारींचा कारखाना निघाला, आणि मोटार काही हुंडीइतकी हलकी नसते. आज त्या शहराची ओळख राजांपेक्षा त्या कारखान्याने अधिक घडवली आहे. गावे मात्र रिकामी होत गेली. रेल्वे आणि रस्ते धान्याप्रमाणे माणसेही नेतात. आर्रिबेसच्या ज्या घळीने वाट अडवली, तिथे विसाव्या शतकात धरणे उभी राहिली आणि वीज तारांवरून बिल्बाओ-माद्रिदकडे जाऊ लागली.

एक जड वस्तू मात्र या नदीने पूर्वीपासून विनातक्रार खाली नेली आहे, ती म्हणजे खुद्द पाणी. १९९८ च्या आल्बुफेइरा करारानुसार साधारण पावसाच्या वर्षात स्पेनने दुएरोतून मिरांदाच्या धरणापाशी किमान ३५० कोटी घनमीटर पाणी पोर्तुगालला पोचते करायचे आहे. बीट, मका आणि गहू भिजवणारे वरच्या अंगाचे शेतकरी या आकड्याकडे संशयाने पाहतात. २०२२ च्या कोरड्या उन्हाळ्यानंतर कास्तिया-लेओनच्या बागायतदारांनी रस्त्यावर उतरून पाणी सोडण्याला विरोध केला. पिसुएर्गा आणि दुएरोतले किती पाणी आपले आणि किती खालच्यांचे, हा वाद यापुढे दर दुष्काळात उठणार आहे.